अप्पांचा माल उतरायचा तेव्हा

अप्पा कोणतीही वस्तू हातात घेतली की आधी ती तोलायचे. तळहातावर ठेवायची, हात दोनदा वर-खाली करायचा, डोळे अर्धे मिटायचे आणि आकडा सांगायचा. मग ती वस्तू काय आहे ते बघायचं. लातूरच्या मोंढ्यात, म्हणजे धान्यबाजारात, चौतीस वर्षं तोलार म्हणून काढली होती त्यांनी. तूर, हरभरा, सोयाबीन, जे काही येईल ते काट्यावर घालून खडा आवाज द्यायचा, हे त्यांचं काम. काम सुटलं तरी हात सुटला नव्हता.

मी त्यांच्याकडे वरच्या खोलीत भाड्याने राहायला आले तेव्हा रिक्षातून माझी पेटी त्यांनीच उतरवून घेतली. दारातच थांबून हात वर-खाली केला.

"अठरा किलो," म्हणाले. "पुस्तकं हायत. बाई, कपडे आणले न्हाईत का?"

मी कंधारची. लातूरला एका खासगी शाळेत विज्ञान शिकवायची नोकरी लागली होती. घर शोधायला निघाले तर एकट्या बाईमाणसाला खोली द्यायला कुणी तयार होईना. अप्पांनी दिली, पण नियम सांगून. पाणी सहाच्या आत भरायचं. गच्चीत मिरची वाळवायची असेल तर आक्कांना विचारायचं. आक्का म्हणजे त्यांच्या पत्नी. पाहुणे आले तर आधी खाली सांगायचं. आणि घरात टीव्ही चालणार नाही. स्वतःच्या घरातला टीव्ही त्यांनी काढून टाकला होता. मालिकांमधल्या बायका दिवसभर रडतात, आणि त्या रडायल्या की आक्काच्या हातून आमटीत मीठ जास्त पडतं, असं त्यांचं म्हणणं. आक्का शेजारी उभ्या राहून हे शांतपणे ऐकून घेत होत्या. अप्पा आत गेल्यावर मला म्हणाल्या, "मीठ मी आधीपासूनच जास्त घालते. त्यांला आता कळलं."

अप्पा सकाळी पूजा उरकून, कपाळाला विभूती लावून, पांढऱ्या बंडीत ओट्यावर बसायचे. बोलणं तोडून, मोजकं. कौतुक करायचं झालं तर म्हणायचे, "भरला." एखादा माणूस आवडला नाही तर, "वाळला न्हाई अजून." हसायचे मात्र नाहीत. म्हणजे हसू यायचं त्यांना, पण ते तोंडापर्यंत पोचायचं नाही. फक्त खांदे हलायचे.

त्या काळी माझ्याकडे बटणांचा एक रंगीत फोन होता. काडेपेटीएवढा पडदा. माझ्या भावाची पाच वर्षांची मुलगी कंधारला होती आणि मी महिन्यातून एकदा घरी गेले की तिला कार्टून लागायचं. मी नव्हे, कार्टून. एसटीतून उतरले की ती आधी माझ्या पर्सकडे बघायची. त्यामुळे महिनाभर मी दोन-दोन, तीन-तीन मिनिटांच्या चित्रफिती फोनवर उतरवून ठेवायची. आता हे सांगायला वेळ लागत नाही, पण तेव्हा तीन मिनिटांचं कार्टून उतरायला पाऊण तास जायचा. पडद्यावर एक निळी पट्टी असायची, ती मुंगीच्या चालीने सरकायची. मध्येच कुणाचा फोन आला की सगळं मोडायचं आणि पुन्हा पहिल्यापासून. एवढं करून जे हाती लागायचं त्यात चेहरे म्हणजे रंगाचे चौकोन. तरी ते पूर्ण उतरल्यावर जे वाटायचं ते आज अख्खा सिनेमा दोन मिनिटांत येतो तेव्हा वाटत नाही.

असंच एकदा रविवारी दुपारी मी नवीन आलेलं कार्टून बघत होते. एक लठ्ठ अस्वल झाडावरच्या मधाच्या पोळ्यासाठी नाना खटपटी करतं आणि एक एवढीशी मधमाशी त्याला दर वेळी खाली पाडते, असं ते होतं. मला मोठ्याने हसू आलं. दोन मिनिटांत जिन्यावर पावलं वाजली.

"बाई, कोण आलंय?" अप्पांनी दाराबाहेरूनच विचारलं.

"कुणी नाही, अप्पा."

"मग हसायलं कोण?"

मी फोन दाखवला. अप्पांनी तो घेतला, सवयीने तोलला, मग चष्मा वर करून पडदा डोळ्यांजवळ नेला. अस्वल पडलं. त्यांनी पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा पडलं. उभ्याउभ्या सहा वेळा बघितलं. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही, पण खांदे हलत होते. फोन परत देताना म्हणाले, "अस्वल चुकलं कुठं, सांगू का? फांदी बघितली न्हाई. ते भरायलंय अडीच क्विंटल आणि फांदी हाय मनगटाएवढी. माशीचा काही दोष न्हाई त्यात."

दुसऱ्या दिवशी मी शाळेतून आले तर अप्पा ओट्यावर माझी वाट बघत होते. "त्या अस्वलाचं पुढं काय झालं?" एवढंच विचारलं.

पुढच्या आठवड्यात त्यांनी स्वतःचा फोन घेतला. सोबतीला मला नेलं. दुकानदार कॅमेऱ्याबद्दल, गाण्यांबद्दल सांगत होता. अप्पांनी दोन फोन दोन तळहातांवर घेतले आणि जड होता तो निवडला. घरी येऊन माझ्याकडून रीत शिकून घेतली आणि पहिलं कार्टून उतरवायला लावलं. ते पूर्ण झाल्यावर फोन पुन्हा तोलला. कपाळाला आठ्या पडल्या.

"बाई, वजन तर वाढलं न्हाई."

"अप्पा, त्याला वजन नसतं."

"एवढा पाऊण तास यायलं होतं. काहीतर आलं असंल की आत."

मी विज्ञानाची शिक्षिका. समजावून सांगायचा प्रयत्न केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "तुमचा काटा बारीक न्हाई." त्यानंतर कितीतरी दिवस ते प्रत्येक कार्टूनच्या आधी आणि नंतर फोन तोलायचे. एकदा मला बोलावून म्हणाले की आज हत्तीचं उतरवलं, आज जरासा फरक लागला.

डाउनलोड हा शब्द त्यांच्या जिभेवर कधी बसला नाही. ते "माल उतरायलाय" म्हणायचे. नेट सावकाश असलं की "आज आवक कमी हाय." खराब चित्र आलं की "माती लई हाय ह्या मालात." घरात खाली रेंज नीट नसायची. म्हणून पहाटेची पूजा झाली की ते गच्चीवर जायचे, पाण्याच्या टाकीवर स्टीलच्या वाटीत फोन उभा करायचे आणि शेजारी पाटावर मांडी घालून बसायचे. सहा ते साडेसात कुणी गच्चीवर यायचं नाही. आक्कांचे पापड वाळत घालायचे राहायचे, माझं धुणं राहायचं. मी एकदा नजर चुकवून दोरीवर ओढणी टाकायला गेले तर त्यांनी बोट ओठावर ठेवलं. आवाजाने पट्टी थांबते असं त्यांचं ठाम मत होतं.

एकदा पट्टी शेवटच्या टोकाला आली होती, बोटभर राहिली असेल, आणि निलंग्याहून त्यांच्या साडूचा फोन आला. सगळं मोडलं. साडू बिचारे तब्येत कशी आहे विचारायला लागले. "तब्येत आत्ताच गेली," अप्पा म्हणाले आणि फोन ठेवला. मग त्यांनी सगळ्या नातेवाइकांना एकेक करून कळवलं की सकाळी साडेसातपर्यंत मला फोन करायचा नाही, माल उतरत असतो.

ह्याचा परिणाम व्हायचा तो झाला. अप्पांनी ह्या वयात धंदा सुरू केला अशी बातमी पसरली. कुणी म्हणालं हळद, कुणी म्हणालं परराज्यातून डाळ येते. एके दिवशी उदगीरहून मोंढ्यातले त्यांचे एक जुने ओळखीचे व्यापारी आले. पाणी प्याले, इकडची तिकडची चौकशी केली आणि हळूच म्हणाले, "अप्पा, माल चांगला यायलाय म्हणे रोज. आमालाबी जरा दाखवा की."

अप्पांनी शांतपणे बंडीच्या खिशातून फोन काढला. "हे अस्वल," म्हणाले. "आणि हे बदक आज सकाळी उतरलं."

व्यापारी चांगला तासभर बसले. जाताना आक्कांना म्हणाले, "अप्पा बरे हायत ना, वहिनी?" पण पंधरा दिवसांनी त्यांचाच फोन आला, साडेसातनंतर. बदकाचं पुढे काय झालं ते विचारायला.

हे सगळं हसण्यासारखं होतं. त्या घरात न हसण्यासारखी गोष्ट एकच होती, आणि ती मला आक्कांनी सांगितली. शेंगा फोडत बसलो होतो तेव्हा. अप्पांचा धाकटा भाऊ मुरुडला राहायचा. सगळे त्याला तात्या म्हणायचे. दोघं भाऊ अकरा वर्षं एकमेकांशी बोलले नव्हते. शेतावरून नाही, घरावरून नाही. अप्पांच्या मुलीच्या लग्नाच्या पत्रिकेवरून. पत्रिकेत निमंत्रकांच्या नावांत तात्यांचं नाव अप्पांच्या साडूच्या खाली छापलं गेलं होतं. सख्खा भाऊ चौथ्या ओळीत. अप्पांचं म्हणणं, छापणाऱ्याने घोळ केला. तात्यांचं म्हणणं, छापायच्या आधी वाचून कुणी दिलं? लग्नाला तात्या आले, अक्षता टाकल्या आणि न जेवता निघून गेले. तेव्हापासून बंद.

"एकाच ताटात जेवलेले हायत दोघं," आक्का म्हणाल्या. "आणि आता एकाच्या दुखण्याला दुसरा जात न्हाई. मी गुपचूप जाऊन येते. त्यांला माहीत हाय. पण विचारत न्हाईत."

त्या वर्षी तात्यांना नात झाली. बारशाचं आवतन आलं, घरातल्या सर्वांना म्हणून. आक्कांनी ह्या वेळी हट्ट धरला. लेकराचं तोंड बघायला चला, भावाचं बघू नका, म्हणाल्या. अप्पा दोन दिवसांनी तयार झाले. पण एका अटीवर: बाई सोबत पाहिजेत. कारण विचारलं तर म्हणाले, "फोन अडला तर?" खरं कारण मला असं वाटतं की तिथे कुणाशी तरी बोलत बसायला माणूस हवं होतं त्यांना.

मुरुडला तात्यांच्या दारात मांडव होता. पाळणा झाला, नाव ठेवून झालं. पंगतीला अवकाश होता. अप्पा मांडवाच्या ह्या टोकाला खुर्चीवर, तात्या त्या टोकाला आल्यागेल्याचं बघत. तात्या अगदी अप्पांसारखेच दिसायचे, फक्त थोडे बारीक आणि मिशीवाले. दोघंही एकमेकांना दिसत नसल्यासारखे बसले होते. अप्पांनी फोन काढून अस्वलाचं कार्टून लावलं. पाच मिनिटांत पोरं जमली, दहा मिनिटांत बायका. हसण्याचा एकच कालवा. तात्या लांबून मान उंच करून बघत होते. दोनदा उठले, दोनदा बसले. मग सरळ माझ्याकडे आले. अप्पा माझ्या शेजारच्याच खुर्चीवर होते.

"मॅडम," तात्या मला म्हणाले, "तुमच्या घरमालकाला विचारा, ते अस्वलाचं मला मिळंल का म्हणून."

अप्पा माझ्याकडे बघत म्हणाले, "बाई, त्यांला सांगा, उतरवून घ्यावं स्वतः. मी गच्चीवर बसून उतरवलंय."

मी म्हणाले, "ब्लूटूथने जाईल की. दोन्ही फोन जवळजवळ ठेवावे लागतात फक्त."

"किती जवळ?" अप्पांनी विचारलं.

"हातभर."

दोघांनी एकाच वेळी मांडवाच्या छताकडे बघितलं. पण भोवती पोरं उभी होती आणि तात्यांचा फोन त्यांच्या हातात आला होता. मी एक स्टूल ओढलं, त्याच्या ह्या बाजूला अप्पांची खुर्ची, त्या बाजूला तात्यांची. दोन्ही फोन स्टुलावर शेजारी ठेवले. मग सांगितलं की जोडणी करायला दोघांनी एकच आकडा टाकायचा. ह्याने टाकला तोच त्याने.

तात्यांनी बटणं दाबायला सुरुवात केली. शून्य, शून्य. अप्पा तिरक्या नजरेने बघत होते. तिसऱ्या शून्याला त्यांना राहवलं नाही.

"शून्य कशाला टाकायलास? काहीतर वजनाचं टाक की."

मांडवातला कालवा एकदम उतरला. निदान मला तरी तसं वाटलं. आक्का लांब बायकांत उभ्या होत्या, त्यांचा हात पदराशी थांबला. तात्यांनी मान वर केली नाही. शून्यं पुसली.

"मग किती टाकू?"

"नऊ टाक. चार वेळा."

दोघांनी चार-चार नऊ दाबले. फोन जोडले गेले. अस्वल अप्पांच्या फोनमधून तात्यांच्या फोनकडे निघालं, मुंगीच्याच चालीने. अर्ध्यावर आलं असेल, तेवढ्यात दारात कुणी पाहुणे आले आणि तात्या फोन उचलून खिशात घालत त्यांच्याकडे गेले. जोडणी तुटली. अप्पांनी पडद्यावरचं बघितलं, तिकडे बघितलं आणि तात्या परत आल्यावर म्हणाले, "बस की जरा. पळतोस कुठं? माल वाटंत हाय."

तात्या बसले. नंतर उठलेच नाहीत. पाहुणे येत होते, ते तात्यांच्या मुलाने बघून घेतलं. एक कार्टून जायला चार-पाच मिनिटं लागत होती आणि त्या चार-पाच मिनिटांत दोन माणसांनी गप्प बसायचं म्हटलं तरी किती बसणार. आधी "आलं का?" "यायलंय." मग "तुझा फोन जड हाय का माझा?" मग अप्पांनी तात्यांच्या गुडघ्याकडे बघून "दुखतोय का अजून?" आणि तात्या, "थंडीत धरतोय."

तेवढ्यात आक्का माझ्या मागे येऊन उभ्या राहिल्या. कानात म्हणाल्या, "अजून किती हायत?"

"चौदा आहेत, आक्का."

"सगळी पाठवा."

मी एकामागून एक पाठवत राहिले. पंगत बसली आणि उठली. दुसरी बसली. हुग्गीचं पातेलं, आमच्याकडे गव्हाची खीर करतात त्याला हुग्गी म्हणतात, ते दोनदा गरम करावं लागलं. कुणीही दोघांना जेवायला चला म्हणालं नाही. सगळ्यांनी जणू ठरवल्यासारखं स्टुलाभोवतीचं अंगण मोकळं सोडलं होतं.

एक गोष्ट मला पहिल्यापासून माहीत होती आणि मी बोलले नव्हते. अप्पांच्या फोनमधलं मेमरी कार्ड काढून तात्यांच्या फोनमध्ये घातलं असतं तर सगळी चौदा कार्टूनं दहा मिनिटांत तिकडे उतरली असती. मी पोरांना विज्ञान शिकवत होते, खोटं बोलू नका म्हणून सांगत होते, आणि तिथे सव्वा तास तोंड मिटून बसले होते.

सर्वांत शेवटच्या पंगतीला दोघं भाऊ शेजारीशेजारी बसले. आम्ही निघालो तेव्हा तात्या आम्हाला एसटीपर्यंत सोडायला आले. अप्पा आणि आक्का पुढे चढले. तात्या मला थांबवून खालच्या आवाजात म्हणाले, "मॅडम, कार्ड काढून दिलं असतं तरी झालं असतं की. माझ्या मोबाइलच्या दुकानात मी रोज पोरांला कार्डांत गाणी भरून देतो."

"मग तुम्ही बोलला का नाहीत?" मी विचारलं.

"तुम्ही तरी कुठं बोललात," ते म्हणाले आणि पिशवी माझ्या हातात दिली. पिशवीत हुग्गीचा डबा होता.

परतीच्या गाडीत अप्पा खिडकीशी बसले होते. फोन खिशातून काढून तोलला आणि आक्कांना म्हणाले, "चौदा गेली तरी फोन एक गुंजबी कमी झाला न्हाई." आक्का रडत होत्या. अप्पांना ते दिसलं असावं, कारण ते टीव्हीबद्दल काही बोलले नाहीत.

त्यानंतर तात्या दर गुरुवारी लातूरला यायला लागले. दुकानाचा माल घ्यायला, असं सांगून. तासभर ओट्यावर बसायचे. गच्चीवरची सकाळची बैठक त्या दिवशी लवकर आटपायची. दोन वर्षांनी मला नांदेडला नोकरी मिळाली, लग्न झालं, खोली सुटली. निघताना अप्पांनी माझी पेटी उचलली, "सव्वीस," म्हणाले, आणि "भरला" म्हणाले. ते पेटीला म्हणाले की मला, हे मी विचारलं नाही.

आता फोनवर पट्ट्या सरकत नाहीत. माझी मुलगी दहा कार्टूनं सुरू करते आणि एकही पूर्ण बघत नाही. तिला अप्पांची गोष्ट सांगितली तर तिला त्यातलं एकच खटकलं. म्हणाली, "पण पाऊण तास ते करायचे काय?" "बसायचे," मी म्हणाले.

मागच्या दिवाळीनंतर लातूरला काम होतं म्हणून मी त्यांच्याकडे गेले. अप्पा ऐंशीच्या पुढे गेले आहेत. तात्या मुरुडचं दुकान मुलावर सोपवून डोळ्यांच्या उपचारासाठी महिनाभर त्यांच्याकडेच राहायला आले होते. मी फाटक उघडलं तर आतून मोठमोठ्याने आवाज. दोघं तावातावाने भांडत होते. लहानपणी मुरुडच्या मळ्यात एक आंब्याचं झाड होतं, ते विहिरीच्या उजवीकडे होतं की डावीकडे, ह्यावरून. झाड पडून चाळीस वर्षं झाली असतील.

मी घाबरून सरळ स्वयंपाकघरात आक्कांकडे गेले. "आक्का, अहो, पुन्हा काही..."

आक्का निवांत भाकरी थापत होत्या. "सकाळधरून चाललंय," त्या म्हणाल्या. "भांडू द्या, बाई. भांडायला बोलावं लागतंय की."

मी बाहेर गेले तर दोघांनीही मला मध्ये ओढलं. बाई, तुम्हीच सांगा, म्हणाले. मी ते झाड कधी पाहिलंही नव्हतं. मी म्हणाले, विहिरीच्या मागे असेल. ते दोघांनाही पटलं नाही, आणि दोघं मिळून मला विहीर नेमकी कुठे होती ते समजावायला लागले. जेवून, चहा घेऊन मी निघाले. कोपऱ्यावर रिक्षात बसेपर्यंत आवाज ऐकू येत होते. विहीर आता एका जागी आली होती. झाड अजून फिरत होतं.